आठ मिनिटांत चर्च रिकामं

इनास लोपीस यांना भरलेलं चर्च रिकामं करायला आठ मिनिटं लागत. मी घड्याळ लावून पाहिलंय. दुबईत रविवारी ऑफिस असे, त्यामुळे सगळ्यांचा रविवार शुक्रवारी यायचा. सकाळपासून एकापाठोपाठ एक मिस्सा, म्हणजे चर्चमधली सामुदायिक प्रार्थना: इंग्रजी, मल्याळम, कोकणी, फिलिपिनो, आणि महिन्यातून एकदा मराठी. आत माणसं खच्चून भरलेली आणि पुढच्या मिस्सेची माणसं बाहेर उन्हात. आतल्यांना काढल्याशिवाय बाहेरच्यांना देव भेटायचा नाही, आणि हे काढण्याचं काम इनासभाऊंनी दहा वर्षांपासून स्वतःच्या अंगावर घेतलं होतं. कुणी सांगितलं होतं म्हणाल, तर कुणीच नाही.

मूळचे वसईचे. जबल अलीच्या एका गोदामात सुपरवायझर होते. आठवडाभर कंटेनर रिकामे करायचे आणि शुक्रवारी चर्च, इतकाच फरक. पद्धत ठरलेली असे. शेवटचं गीत संपत आलं की मागचे दिवे घालवायचे, मग एसी बंद. मग दरवाजे सताड उघडून स्वतः दारात हसत उभं राहायचं आणि हात हलवायचा, "यल्ला, यल्ला, गॉड ब्लेस, बाहेर जाऊन बोला." डोळे मिटून बसलेल्या बायकांच्या कानाशी जाऊन हे गृहस्थ हळूच खोकत. मी पुण्याची, चपला चोरीला जातील म्हणून देवाला रस्त्यावरूनच नमस्कार करणारी. पण ते खोकणं चुकू नये म्हणून फिलोमिनावहिनींबरोबर मराठी मिस्सेला जायची. वहिनी म्हणजे इनासभाऊंची बायको. अल मनखूलला आम्ही एकाच बिल्डिंगमध्ये राहायचो, ते दुसऱ्या मजल्यावर, आम्ही तिसऱ्या.

भाऊंचा दुसरा विषय म्हणजे नेल्सन. हा त्यांचा पुतण्या. त्याचे वडील लवकर गेले, तेव्हा ह्यांनीच त्याला वाढवलं. तो धर्मगुरू झाला आणि २००१ साली अमेरिकेला गेला. तिकडे धर्मगुरू मिळेनासे झालेत, म्हणून इकडून मागवतात. "आता आपण एक्स्पोर्ट करतो," असं भाऊ लिफ्टमध्ये भेटेल त्याला सांगत. तळमजल्यावर सुरुवात केली की दुसऱ्या मजल्यापर्यंत नेल्सन जवळजवळ बिशप झालेला असे. पोप व्हायला भाऊंचा मजला फार खाली होता.

२००४च्या डिसेंबरात त्याचा फोन आला तेव्हा मी वहिनींबरोबर नाताळच्या करंज्या करत होते. भाऊंनी फोन स्पीकरवर टाकला. पुतण्याचा आवाज शेजारणीनेही ऐकावा, एवढं मन मोठं.

नेल्सनच्या बिशपने त्याचं चर्च बंद करायचा हुकूम काढला होता. माणसं कमी झाली, धर्मगुरू पुरत नाहीत. शिवाय तिकडे लहान मुलांशी वाईट वागलेल्या धर्मगुरूंना वरच्यांनी वर्षानुवर्षं पाठीशी घातल्याचं दोन वर्षांपूर्वी उघड झालं होतं, त्यामुळे लोकांचा वरच्यांवर भरवसा उरला नव्हता. शेवटची मिस्सा झाली आणि अकरा म्हाताऱ्या बाकांवरून उठल्याच नाहीत. बिशपने स्वतः यावं, आमच्याशी बोलावं, मग काय ते ठरवावं, एवढंच त्यांचं मागणं. बिशपने नेल्सनला कळवलं होतं, त्यांना बाहेर काढ आणि किल्ली आणून दे.

"काका, कसं काढू?"

इनासभाऊंचा चेहरा उजळला. जन्मभर ज्याची वाट पाहिली तो प्रश्न अखेर कुणीतरी विचारला होता. "आधी एसी बंद कर."

"काका, इथे बर्फ पडतोय."

"मग हीटर बंद कर! प्रिन्सिपल सेम आहे."

"पण त्यांचं म्हणणं चुकीचं नाही वाटत मला."

"तुला वाटायचा सवाल कुठे येतो? बिशपनी सांगितलं, खलास. सगळ्यांना विचारून चालवायला चर्च म्हणजे को-ऑपरेटिव्ह सोसायटी आहे का?"

"म्हाताऱ्या बायकांना गारठवायला शिकवताय त्याला?" वहिनी म्हणाल्या.

"ऑपरेशन्समध्ये तू पडू नको."

चार दिवसांनी पुन्हा फोन आला. आमच्या करंज्या अजून चाललेल्याच, कारण निम्म्या भाऊच संपवत होते. नेल्सनने खरंच हीटर बंद केला होता. म्हाताऱ्यांनी कोट चढवले, थर्मास उघडला आणि कपभर सूप त्यालाच दिलं.

"मग?"

"मग मी हीटर लावला आणि त्यांच्यात बसलो, काका. पत्र आलंय. शनिवारपर्यंत बाहेर पडलो नाही तर मला वसईला परत पाठवणार."

भाऊंनी हातातली करंजी ताटात आपटली. "गाढवा! मी इथे लोकांना काय तोंड दाखवू? शुक्रवारी हजारो माणसं काढतो मी. एकानं कधी कम्प्लेंट केली नाही!"

मला त्यांचा मनस्वी राग आला. पोराचं काय होणार ते राहिलं बाजूला, ह्यांना लिफ्टमधल्या बढाईची पडली होती.

नेल्सन मात्र शांतपणे म्हणाला, "काका, तुम्ही काढता ते पुढच्या शुक्रवारी परत येतात. ह्या बाहेर पडल्या की परत यायला दारच नाही."

इनासभाऊंनी आपटलेली करंजी उचलून ताटात नीट ठेवली. वहिनींनी हात पुसून फोन मागितला, त्यांनी दिला नाही.

"त्यातल्या सगळ्यात मोठीचं वय काय?" त्यांनी शेवटी विचारलं.

"एक्याण्णव. बाप्तिस्मा इथलाच."

"मग बस."

"काय म्हणालात?"

"बस म्हटलं ना. हीटर घालवू नको."

बिशप आले नाहीत. फेब्रुवारीत नेल्सनला परत पाठवलं, आणि वाटेत तो दोन दिवस दुबईत उतरला. म्हाताऱ्या तिकडे अजून बसलेल्याच होत्या. त्या शुक्रवारी मराठी मिस्सा होती. ती संपल्यावर सगळे त्याच्याभोवती जमले. "फादर, सुट्टीवर का?" कुणीतरी विचारलं. नेल्सनने काकांकडे पाहिलं. भाऊ हो म्हणून टाकतील अशी माझी खात्री होती, आणि खरं सांगायचं तर त्यांनी तसं म्हणावं असं मलाही वाटत होतं.

"सुट्टी नाही," इनासभाऊ म्हणाले. "काढलंय त्याला. म्हाताऱ्यांना बाहेर काढ म्हणून सांगितलं, तर हा त्यांच्याशेजारी जाऊन बसला."

नेल्सनने त्यांचा हात धरला. त्यांना रडू आवरत नव्हतं, तरी त्यांनी वाक्य पुरं केलं.

"आणि त्या बायकांचा हीटर बंद करायला सांगणारा मी."