कुंपणावरचं डबिंग

लॉकडाउनच्या त्या हिवाळ्यात माझा पाय घरात ठरत नव्हता. नवरा दिवसभर कॉलवर असायचा आणि मी सिडनीच्या गिरावीन उपनगरातल्या आमच्या मागच्या अंगणात येरझाऱ्या घालायची. मुंबईत मी डबिंग करायची. दक्षिणेतल्या कितीतरी नायिका हिंदी-मराठीत माझ्या आवाजात रडल्या. इथे त्या आवाजाला काम नव्हतं. माइक कपाटात पडून होता आणि मी कुणावरही खेकसत होते.

कुंपणापलीकडे एक इटालियन बाई एकटीच राहायची. ऐंशी उलटलेली. तरुणपणी तिने रोममध्ये भयपटांत आणि काउबॉयपटांत कामं केली होती. कामं म्हणजे बहुतेक मरणंच. विहिरीत, घोड्याखाली, पिशाच्चाच्या मिठीत. मग लग्न झालं आणि ती सिडनीला आली.

"चेहरा माझा, आवाज दुसरीचा," ती म्हणायची. "शूटिंगला आवाज घेतच नसत. नंतर कुणीतरी भरायचं. ती बाई कोण, मला कधी कळलंच नाही."

ती 'कुणीतरी' म्हणजे माझ्यासारखीच. मला उगाच झोंबायचं.

तिच्या स्वरयंत्रावर गाठ होती. वेस्टमीड हॉस्पिटलात ऑपरेशन व्हायचं होतं, पण तारीख सारखी पुढे जात होती. नंतर आवाज राहील याची डॉक्टर खात्री देत नव्हते. एका सकाळी ती मास्क लावून कुंपणाशी आली. हॉस्पिटलचा फोन आला होता, परवा या म्हणून.

"एकदा तरी माझ्या चेहऱ्याला माझा आवाज हवाय," ती म्हणाली. "तुला येतं ना हे?"

कुणाच्या घरी जायला बंदी होती. मी माइक तिच्या बाजूला सोडला आणि लॅपटॉपवर तिचा एक जुना सिनेमा लावून तो आमच्या कचऱ्याच्या बिनवर तिच्याकडे तोंड करून ठेवला. तिने मरणाचंच एक दृश्य निवडलं. प्रियकराच्या मांडीवर डोकं, काहीतरी पुटपुटत जीव सोडायचा. सिनेमातले संवाद तिला पाठ होते. 'आमोरे मिओ, पेर्दोनामी.' माझ्या लाडक्या, मला माफ कर.

डबिंगमध्ये आम्ही आधी ओठ मिटणारी अक्षरं बघतो, प, ब आणि म. बाकी थोडं इकडे-तिकडे खपतं; पण आवाजात 'म' आला आणि पडद्यावर ओठ उघडे राहिले, की सोंग उघडं पडतं. तिच्या संवादात तर म-प ठासून भरलेले. टेकवर टेक झाले, एकही जुळेना. मध्येच पोलिसांचं हेलिकॉप्टर घरघरत गेलं.

"अहो, ओठांकडे बघून बोला ना," मी चिडून ओरडले.

"अगं हळू, मी कॉलवर आहे," आतून नवरा म्हणाला.

बाईचा आवाज बसायला लागला होता. मला भीती वाटली, की तिचा उरलासुरला आवाज मीच संपवणार. मी दृश्य परत लावलं आणि नुसते ओठ पाहिले. ते एकदाही मिटत नव्हते. प नाही, ब नाही, म नाही. प्रेमाबद्दल असं कोण बोलतं?

"शूटिंगला तुम्ही काय म्हणत होतात?"

"मला संवाद दिलेच नव्हते. डायरेक्टर म्हणाला, आकडे मोज. बोलणारी नंतर बोलेल." तिने हे इतकी वर्षं स्वतःलाही सांगितलं नसावं.

उनो, दुए, त्रे. मी मनात म्हणून पाहिलं. ओठ कुठेच मिटत नाहीत.

"मग आकडेच म्हणा."

"मरताना?"

"मरताना."

पहिल्याच टेकला सगळं जुळलं. पडद्यावर विशीतली मुलगी तिच्या घोगऱ्या, थकलेल्या आवाजात एकेक आकडा म्हणत होती, आणि माझ्या डोळ्यांना धारा लागल्या. सोळावर मुलीचे डोळे मिटले, पडदा काळा झाला. मी कट म्हणून हात वर केला.

तिने माझ्याकडे पाहिलंच नाही. काळ्या पडद्याकडे बघत ती पुढे मोजत राहिली. सतरा, अठरा, एकोणीस. मी हात खाली घेतला आणि रेकॉर्डिंग चालू ठेवलं.