प्लॅस्टिकमधले अंगठे

घरातला एकमेव पदवीधर असल्यामुळे कागदपत्रं सांभाळायचं काम माझ्याकडे येतं. यात पदवीचाच अपमान आहे, हे पुढे कळेल.

माझी चुलती डिंभ्याला धरणाच्या कडेला एकटी राहते. चुलते गेले आणि दुसऱ्या चुलत्याच्या मुलानं, म्हणजे माझ्याच चुलतभावानं दावा लावला: घर आमच्या वाटणीचं, चुलतीला नुसतं राहू दिलं होतं. तिच्याकडे पुरावा एकच, आजोबांचं वाटणीपत्र. त्यावर आजोबांचा आणि चार पंचांचा अंगठा. त्या काळी पंच बसले, अंगठे उठले, चहा झाला, विषय संपला. नोंदणी करायचं कुणाच्या मनातही आलं नाही.

कागद घड्यांवर फाटत होता. मी मंचरला नेऊन तो लॅमिनेट केला. कडक, चकचकीत, हॉटेलच्या मेनूकार्डासारखा.

चुलतीनं तो हातात घेतला नाही. "आरं, माणसं कोंडलीस तू. पाचीच्या पाची आत गेल्यात. आता श्वास कुठनं घ्यायचा त्यांनी?"

मी हसलो. सकाळी बघतो तर प्लॅस्टिकला आतून वाफ धरलेली. सगळीकडे नाही, फक्त पाच अंगठ्यांवर. कागदात ओल राहिली असणार, असं मी तिला शास्त्र सांगितलं. सांगताना आवाज जरा मोठाच लागला. दुपारी वाफ गेली, दुसऱ्या सकाळी परत आली.

वकिलांनी कागद बघून कपाळाला हात लावला. "काय केलंत राव हे? नोंदणी नाही म्हणजे यानं मालकी सिद्ध होणार नाही. पण ताबा कुणाचा, कधीपासूनचा, एवढ्यापुरता कोर्ट हा बघू शकतं. त्याआधी स्टॅम्प तपासणार, कमी पडला तर दंड घेणार, आणि मूळ कागदावर शिक्का मारणार. प्लॅस्टिकवर मारायचा का?"

मग चुलतीच्या ओट्यावर बसून दाढीच्या ब्लेडनं मी प्लॅस्टिक सोडवलं. अक्षरं कागदावर राहिली. अंगठे मात्र प्लॅस्टिकला चिकटून निघाले. कागदावर पाच पांढरे चट्टे. चुलतीचं घर मी माझ्या हातानं सोलून काढलं होतं.

ती रडली नाही. प्लॅस्टिक तिनं उन्हासमोर धरलं, तसे पाच अंगठे भिंतीवर उमटले. वारा पडला होता, तिचा हातही स्थिर होता. भिंतीवरचे अंगठे हलत होते.

"ह्यो मामंजींचा," ती एकावर बोट ठेवून म्हणाली. त्या ठशातून आडवी पांढरी रेघ गेली होती. "इळा लागला व्हता."

तारखेला चुलतभाऊ कोर्टाच्या व्हरांड्यातच भेटला. लॅमिनेशनची गोष्ट त्याच्या कानावर गेली होती. "काय भाऊ, आज मेनूत काय?"

मी फाइल काखेत धरून आत गेलो. त्यानं स्वतः आजोबांचं एक जुनं, नोंदणी झालेलं खरेदीखत दाखल केलं होतं. आमच्या वकिलांनी परवानगी घेऊन आमचं प्लॅस्टिक त्या खतावरच्या अंगठ्यावर ठेवलं. आरपार दिसत होतं. रेघेवर रेघ बसली आणि दोन अंगठ्यांचा एक झाला. न्यायाधीश पुढे झुकले. चुलतभाऊ खुर्चीत मागे सरकला.

निकाल लागेपर्यंत चुलतीला घरातून कुणी काढायचं नाही, असा हुकूम झाला. मालकीचं पुढे लढायचं आहे. पण चूल तिची, दार तिचं, तोवर तरी.

कागद आणि प्लॅस्टिक दोन्ही फाइलीत गेलं. पुढच्या तारखेला कारकुनानं फाइल उघडली आणि थबकला. प्लॅस्टिकवर वाफ होती, पाच ठिकाणी. त्यानं रुमालानं एक बाजू पुसली, मग उलटून दुसरी.

"न्हाई निघत राव," तो म्हणाला. "आतनं हाय."

मी मान डोलावली. आत म्हणावं असं काही उरलं नव्हतं, नुसता एक पापुद्रा होता. चुलतीनं शेजारून हळूच विचारलं, "आता सांग की तुझं शास्त्र."