सुनेत्राबाईंची चार मिनिटं

फतेगंजला आमच्या वरच्या मजल्यावर सुनेत्रा जगताप राहतात. वय एकसष्ट, लग्न केलेलं नाही. गुजराती मालिकांत सासूची कामं करतात, त्यावर घर चालतं. स्वतःचे सिनेमे सात केले, सगळे बायकांच्या जगण्यावर. त्यांत गोष्ट अशी नसते आणि मुख्य काम त्याच करतात. बडोद्यात ते पाहिलेली माणसं मला धरून वीसेक असतील.

पहिला सिनेमा १९९४चा, भाड्याच्या व्हिडिओ कॅमेऱ्यावर केलेला, चाळीस मिनिटांचा. पुरुषांची पंगत बसते, जेवते, उठते. शेवटी सुनेत्राबाई एकट्या बसून उरलेलं जेवतात. पंगतीतले पुरुष त्यांचे सख्खे काका-मामा होते. आपली शोभा केली म्हणून ते चिडले. तेव्हापासून घरच्या कार्यांची आमंत्रणं बंद झाली.

या जानेवारीत मुंबईच्या एका महोत्सवाने तो सिनेमा मागितला. कॅसेट एकच होती आणि ती त्यांनी आईला, गंगाबाईंना, पाहायला दिली होती. गंगाबाई करजणला थोरल्या मुलीकडे, चारुलताबाईंकडे असत. तिथेच वारल्या. कॅसेटही तिथेच राहिली.

"आईनं पाहिला की नाही, ते कधी कळलंच नाही," सुनेत्राबाई म्हणाल्या.

रविवारी करजणहून कॅसेट आणून त्या थेट माझ्याकडे आल्या, कारण माझा व्हीसीआर अजून चालतो. कॅसेटच्या कडेला चिकटपट्टी दिसली. चित्रण पुसलं जाऊ नये म्हणून तिथला प्लॅस्टिकचा तुकडा सुनेत्राबाईंनी तेव्हाच तोडला होता. कुणीतरी ती खाच पट्टीने बुजवली होती. तसं केलं की वर पुन्हा रेकॉर्ड करता येतं. मी कॅसेट लावली.

टीव्हीवर डोहाळजेवण सुरू झालं. फुलांचे दागिने घालून चारुलताबाईंची मुलगी मिताली झोपाळ्यावर बसलेली, बायका ओटी भरतायत.

"मला बोलावलं नव्हतं याला," सुनेत्राबाई म्हणाल्या.

तेवढ्यात टीव्हीवर गंगाबाई दिसल्या. "सुनेत्राला कळवलं नाही का गं कुणी?"

"जवा दे ने, जाऊ दे ना आई!" चारुलताबाईंचा आवाज. "ती आली की जेवायचं सोडून कॅमेरा लावून बसायची. मग आपण सगळ्या उपाशी!"

बायका हसल्या. गंगाबाई हसल्या नाहीत.

छत्तीस मिनिटांनी चित्र थरथरलं आणि खालचा जुना सिनेमा दिसू लागला. उष्ट्या पानांच्या ओळीशी तिशीतल्या सुनेत्राबाई भात कालवत होत्या. चार मिनिटांत सिनेमा संपला.

"पिलाजीराव, जरा मागे घ्या," त्या म्हणाल्या. मला वाटलं, स्वतःचं काम पाहायचं असेल. पण त्यांना आईचा प्रश्न ऐकायचा होता. तीनदा ऐकला.

महोत्सवाचा फॉर्म मीच भरत होतो. "लांबी किती लिहू?"

"चार मिनिटं. त्याआधीचं माझं नाही."

जाताना त्यांनी कॅसेट हातात घेतली, नखाने ती चिकटपट्टी हळूच सोलून काढली आणि खाच पुन्हा उघडी केली.