रविवारचं अल्कोहोल, नऊ ते अकरा

वीस वर्षं एकाच हॉस्पिटलात काढली की सांगायला किस्से आपोआप साठतात. मी सौदीतल्या यान्बूच्या एका हॉस्पिटलात लॅब टेक्निशियन होतो. माझे बहुतेक किस्से दारूबंदीच्या देशातल्या अल्कोहोलचे आहेत, त्याला माझा इलाज नाही!

पुण्याहून मेहुण्याचा फोन आला. "भावजी, तुमच्याकडे रविवारी किती वाजेपर्यंत मिळते हो?"

"नऊ ते अकरा," मी म्हटलं.

पलीकडे दार लावल्याचा आवाज आला. मग हळूच, "व्हिजा किती दिवसांत होतो?"

खोटं काहीच नव्हतं. शुक्रवार-शनिवार सुट्टी, म्हणून रविवार हा आमचा आठवड्याचा पहिला दिवस. त्या दिवशी नऊ ते अकरा स्टोअरमधलं कुलूपबंद कपाट उघडायचं आणि जखमा पुसायचं, काचपट्ट्या धुवायचं अल्कोहोल सगळ्या विभागांना वाटायचं. कपाटाला दोन कुलपं होती. एक चावी माझ्याकडे, दुसरी स्टोअरकीपर सलीमभाईंकडे.

*

सलीमभाई श्रीवर्धनचे, पाच वेळचे नमाजी. कॅन दोन बोटांनी, अंगापासून हातभर लांब धरायचे. "पाटकरभाऊ, आयुष्यात कधी बाटलीला हात लावला नाही, आणि नशिबात चावी आली बघा!"

वेळेला मात्र एकदम कडक. एकदा नागपूरच्या आमच्या डॉक्टर मॅडम अकरा वाजून पाच मिनिटांनी आल्या.

"मॅडम, खलास! आता पुढच्या रविवारी."

"मग पेशंटला काय सांगू? जखम जरा रविवारपर्यंत धरून ठेव?"

सलीमभाईंनी माझ्यासोबत पुन्हा कुलपं काढली. पण रजिस्टरात वेळ लिहिली दहा अठ्ठावन्न, आणि दिवसभर "खोटं लिहिलं मी" म्हणून हळहळत बसले!

*

माझी मुलगी तेव्हा तिसरीत. शाळेत निबंध होता, वडील काय काम करतात. तिने पहिलंच वाक्य लिहिलं, "माय फादर सप्लाइज अल्कोहोल एव्हरी संडे."

टीचरचा फोन आला. आवाज इतका हळू, की मला वाटलं कोणीतरी गेलं.

घरी मी म्हटलं, "अगं, हॉस्पिटलचं आहे असं तरी लिहायचंस!"

"बट पप्पा, वर्ड लिमिट था ना!"

*

मग सौदायझेशन, म्हणजे परदेशी माणसांच्या जागी सौदी माणसं, जोरात आलं. माझ्या हाताखाली फहद आला. चोवीस वर्षांचा, नुकताच कॉलेजातून बाहेर पडलेला, सकाळी हमखास उशिरा. सहा महिन्यांत त्याने माझं काम शिकायचं आणि मग माझ्या इकाम्याचं, म्हणजे तिथे राहण्याच्या परवान्याचं, नूतनीकरण करायचं की नाही ते साहेब ठरवणार. मुलीची बारावी दोन वर्षांवर आली होती. मी फहदला शिकवत होतो, आणि माझ्या खुर्चीचे उरलेले दिवस मोजत होतो. खोटं कशाला बोलू?

अशातच एका रविवारी तपासणी अधिकारी आले. मी नेहमीप्रमाणे सात लिटर शुद्ध अल्कोहोलमध्ये तीन लिटर पाणी घातलं आणि रजिस्टरात दहा लिटर लिहिलं. त्यांनी ते मापून बघितलं. साडेनऊच्या थोडंच वर भरलं! साडेतीनशे मिली कमी.

"दर रविवारी एवढं कोण पितं?" त्यांनी माझ्याकडे बघून विचारलं.

मी रजिस्टरातली बेरीज पुन्हा पुन्हा दाखवायला लागलो. सलीमभाईंच्या हातातली चावी खाली पडली. असल्या आरोपात नोकरी जाणं ही सगळ्यात लहान गोष्ट.

खुर्चीत रेलून बसलेला फहद उठला. गप्प बसला असता, तर माझी खुर्ची त्याच दिवशी त्याची होती. त्याने मापाच्या नळीने सातशे मिली अल्कोहोल घेतलं, तीनशे मिली पाणी घेतलं आणि दोन्ही लिटरच्या मापात ओतलं. हजाराच्या रेषेपर्यंत पोचलंच नाही!

अधिकाऱ्यांनी स्वतः करून बघितलं. पुन्हा तेच. तिसऱ्यांदाही तेच.

"अल्कोहोल आणि पाणी मिसळलं की आकसतं, सर," फहद म्हणाला. "फर्स्ट इयरला शिकवतात." मग माझ्याकडे वळून हळूच, "पाटकर, तुमचं फर्स्ट इयर कधी झालं?"

मी वर्षानुवर्षं नुसती बेरीज करून लिहीत आलो होतो! पण तेव्हा लाजही वाटली नाही. इतका हलका झालो, की सगळ्यांसमोर डोळे भरून आले. सलीमभाईंनी तर फहदला मिठीच मारली.

अधिकारीही हसले, पण तुटीचा फॉर्म भरायला काढलेला होता आणि एकदा काढलेला फॉर्म कोरा परत नेता येत नाही. त्यांनी तो फहदपुढे सरकवला. "तूच भर."

फहदने शांतपणे पेन उघडलं आणि लिहिलं.

साडेतीनशे मिली पिणाऱ्याचं नाव : पाणी.

इकामा क्रमांक : लागू नाही.