काल्याचा हेवा

आमच्या सासूबाई कुत्र्याशी मराठीत बोलायच्या आणि माझ्याशी हिंदीत. माझं माहेर पाटनचं, हिंदी बोलणारं. हिंदी मुलखात, दीक्षितपुऱ्यातल्या त्या मराठी घरात सून म्हणून येऊन मला दोन वर्षं झाली होती, तरी मला "बहू, आप बैठो." म्हातारा भुऱ्या उंबऱ्यात आडवा पडला की मात्र, "सरक नं रे मेल्या!" त्या 'मेल्या'साठी माझा जीव जळायचा.

मग ह्यांनी कांचघर मोहल्ल्यातून एक काळं पिल्लू आणलं. भुऱ्या गुरगुरला, मला मनातून बरंच वाटलं. सासूबाईंनी पिल्लू अंगणात बांधलं, जुन्या लुगड्याच्या फडक्यानं पुसलं आणि ते फडकं भुऱ्याच्या पोत्याखाली सरकवलं. "वास ओळखीचा झाला का राग जाते," त्या ह्यांना म्हणाल्या. पोळी आधी भुऱ्याला, मग पिल्लाला. लाडही त्याच क्रमानं. पिल्लाशी मात्र हिंदीच: "आओ कालू, बैठो." म्हटलं, चला, ह्या घरात मला जोडीदार मिळाला.

ते सुख महिनाभर टिकलं. एका दुपारी भुऱ्या पोत्यावर जरा सरकला आणि पिल्लू त्याच्या पोटाशी जाऊन झोपलं. सासूबाई हरखल्या. "ऊठ रे काल्या, पोळी खा!"

मी हातातली परात आदळली. "कालू से मराठी, और मैं अभी तक मेहमान?" म्हणत चक्क रडले. कुत्र्याच्या पिल्लाचा हेवा! आज लाज वाटते, तेव्हा मुळीच वाटली नाही.

त्या गोंधळल्या. "अवं, तुझ्या मायनं लग्नात माझा हात धरून सांगतलं होतं, पोरीले परकं वाटू देऊ नका. म्हणून तं दोन वर्षं तुझ्या भाषेत बोलून राहिली मी. जीभ दुखते माझी!"

त्या दिवसापासून मलाही मराठीत बोलणी बसू लागली. भुऱ्यानंतर, पण काल्याच्या आधी.

पुढे भुऱ्या गेला, काल्याही गेला. शेवटच्या आजारात सासूबाईंची हिंदी पार पुसली गेली. दवाखान्यातल्या नर्सला त्यांचं म्हणणं मी हिंदीत सांगायची. एका सकाळी त्यांच्या उशाशी उभी असताना मला रडू आवरेना. त्यांनी डोळे उघडले.

"काहून रडून राहिली वं, मेले? सरक, उजेड येऊ दे."

मी सरकले.