वाऱ्याचा पाट

भाऊबीजेला आमच्या घरी दोन पाट मांडतात. एक दादासाठी, एक वाऱ्यासाठी. आईच्या माहेरची रीत. वाऱ्याला सगळे भाऊच, बहीण एकही नाही, म्हणून तो असा सैरावैरा फिरतो. जी त्याला ओवाळते तिच्या भावाला तो समुद्रावरून सुखरूप परत आणतो, अशी आईची गोष्ट.

शाळेतल्या मैत्रिणींना मी हे कधी सांगितलं नाही. हसल्या असत्या. दादा तर हसायचाच. वाऱ्याच्या ताटातली करंजी उचलून म्हणायचा, "मॅडम, तुमचा दुसरा भाऊ डाएटवर आहे."

या वर्षी तो उत्तन बंदरातल्या एका मासेमारी बोटीवर खलाशी म्हणून गेला. दिवाळीच्या तोंडावर वादळ आलं. बाकीच्या बोटी परतल्या, त्याची नाही. वायरलेसवर उत्तर नाही. रोज सकाळी मी बंदरावर जाऊन गर्दीच्या मागे उभी राहायचे. विचारायला तोंड उघडायचं नाही. लोकांचे चेहरे बघायचे आणि परत यायचे.

भाऊबीजेला आई म्हणाली, "पाट मांड."

"कोणासाठी?"

"दोघांसाठी."

"आई, वाऱ्यानेच नेलाय त्याला."

"म्हनून तर. ज्याच्याकडं हाय, त्यालाच मागायचं ना गो?"

"मी नाही ओवाळणार."

"नको ओवाळूस. मग मी काय करू, ते सांग."

ती टोमणा मारत नव्हती. खरंच विचारत होती. मी पाट काढायला उठले.

मुर्धा गावातलं जुनं घर बिल्डरला दिल्यापासून आम्ही सहाव्या मजल्यावर राहतो. निरांजन विझू नये म्हणून आईने खिडक्या लावून घेतल्या होत्या. मी दोन्ही पाट मांडले, ताट हातात घेतलं, आणि बंद घरात वाऱ्याला ओवाळायचं कसं ते कळेना. ताट खाली ठेवून मी खिडकीची काच सरकवली.

खाडीवरून वारा थेट आत आला. निरांजन विझलं. आईने काडी ओढली. पुन्हा विझलं.

शेजारच्या आंटी दारातून म्हणाल्या, "बेटा, खिडकी तो बंद कर लो!"

मी केली नाही. वाऱ्याच्या पाटासमोर बसले. करंजी ताटात तशीच होती.

"घेऊन ये त्याला," मी म्हणाले. ऐकू गेलं नसावं. मग ओरडले, "घेऊन ये ना रे!" आवाज फाटला.

आई पुढची काडी ओढत होती.