मोबाइलवरून बोलावलेला लाहा

लाहाचं बोलावणं मी व्हॉट्सअ‍ॅपवर पाठवलं.

शिरपूरच्या वर, सातपुड्यातल्या आमच्या पाड्यात घर बांधायचं तर सगळ्या पाड्याला बोलवायचं आणि जेवू घालायचं. मजुरी कुणी घेत नाही. हाच लाहा. अलीकडे दोघा-तिघांनी ठेकेदार आणून पत्र्याची घरं केली होती. बाप मात्र अडून बसला, "माझं घर लाहानंच उभं राहील. नाही राहिलं, तर पाड्यात लाहा संपला म्हणायचा."

बोलावण्याचं काम शिरपुरात नोकरी करणाऱ्या मला दिलं. आमच्याकडे घरं टेकडी-टेकडीवर. मी रेंज येते त्या दगडावर चढलो आणि पाड्याच्या ग्रुपवर मेसेज टाकला. भराभर अंगठे आले.

"सगळे येतायत," मी बापाला ठणकावून सांगितलं.

ठरल्या सकाळी आईनं उडदाच्या डाळीचं मोठं पातेलं चढवलं. आला तो फक्त शेजारचा कुत्रा. बाप रचून ठेवलेल्या सागाच्या खांबांवर नुसता बसून राहिला. शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं.

मी धावत पहिल्या घरी गेलो. "काकी, मेसेज पाहिला ना?"

"पाहिला की. अंगठा पण दिला. पण तू कुठं आलास? लाहाचं दारात येऊन, पाणी पिऊन सांगतात. बस आता!"

बसलो, प्यालो, सांगितलं. पुढच्या घरचा भाऊ मला बघून ओरडला, "अरे, हा तर खराखुरा आला! चार्जिंग संपलं का?" प्रत्येक घरी पाणी आणि टोमणा. शेवटच्या टेकडीवर पोचलो तेव्हा पोटात घागर हिंदकळत होती.

दुसऱ्या दिवशी उजाडताच टेकड्या उतरून माणसं येऊ लागली, खांद्यावर कुऱ्हाडी, कमरेला कोयते. पत्र्याच्या घरांतले सगळ्यांत आधी! खड्डे झाले, खांब उभे राहिले, बांबूच्या तट्ट्या विणल्या गेल्या, बायांनी शेणमातीनं भिंती लिंपल्या. मला भरवशाचं काम कुणी देईना. शेवटी माती भरेपर्यंत कोपऱ्यातला एक खांब धरून ठेवायला सांगितलं. मध्येच फोनचा गजर वाजला, मी जरा बघितला.

दिवस मावळायच्या आत कौलं चढली. ढोल वाजला आणि गुडघे धरून चालणारा माझा बाप नव्या घरापुढे नाचला!

मी छाती फुगवून त्याच्याजवळ गेलो. "आला ना बा सगळा पाडा?"

बापानं घराकडे डोळे भरून पाहिलं.

"आला. सगळे खांब सरळ लागले. तू धरलास तेवढाच वाकडा."